पर्सिस खंबाटा : केशभार उतरवून मिळालेली ओळख

हिंदी चित्रपटसृष्टीच्या इतिहासात पर्सिस खंबाटा यांच्या नावावर फारसे काही जमा नाही. तरीही एखादी भारतीय अभिनेत्री हॉलिवूडच्या पडद्यावर झळकली, की जुन्या पिढीतील रसिकांना हेच नाव प्रथम आठवते.

२ ऑक्टोबर १९४८ रोजी मुंबईतील एका मध्यमवर्गीय पारशी कुटुंबात त्यांचा जन्म झाला. त्या अवघ्या दोन वर्षांच्या असताना वडील कुटुंबापासून दूर झाले. तेराव्या वर्षी काढलेली त्यांची छायाचित्रे रेक्सोना साबणाच्या जाहिरातीसाठी वापरली गेली आणि शाळकरी वयातच व्यवसायाची वाट ठरून गेली. १९६५ मध्ये त्यांनी ‘मिस इंडिया’ हा किताब पटकावला. त्याच वर्षी मायामी बीच येथील ‘मिस युनिव्हर्स’ स्पर्धेत त्यांनी भारताचे प्रतिनिधित्व केले.

गोमंतकीय वाचकांना येथे रीटा फारिया आठवणे स्वाभाविक आहे. मूळ गोव्याच्या या वैद्यकीय विद्यार्थिनीने पुढच्याच वर्षी ‘मिस वर्ल्ड’चा मुकुट जिंकला आणि वर्षभराने झगमगाटाकडे पाठ फिरवून ती पुन्हा वैद्यकाकडे वळली. पर्सिस यांनी नेमकी उलट दिशा धरली. एअर इंडियासारख्या संस्थांच्या जाहिरातींतून त्यांचा चेहरा परिचित झाला होता. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या ‘बंबई रात की बाहों में’ या चित्रपटातून त्यांनी पदार्पणही केले. पण मुंबईत त्यांचे मन रमले नाही. लंडनमध्ये मॉडेलिंग करीत असताना १९७५ मध्ये ‘द विल्बी कॉन्स्पिरसी’ आणि ‘कंडक्ट अनबिकमिंग’ या चित्रपटांत त्यांना लहानमोठ्या भूमिका मिळाल्या.

खरे वळण आले ते दूरचित्रवाणीमुळे. ‘स्टार ट्रेक’ ही गाजलेली अमेरिकी मालिका नव्याने सुरू करण्याचा बेत होता आणि तीत इलिया या परग्रहवासी अधिकाऱ्याच्या भूमिकेसाठी त्यांची निवड झाली. मालिकेचा बेत बारगळला. त्याचे रूपांतर रॉबर्ट वाइज दिग्दर्शित चित्रपटात झाले. भूमिका कायम राहिली, मात्र तिची अट कठोर होती. इलियाच्या ग्रहावरील स्त्रियांच्या मस्तकावर केस नसत. ज्या लांब काळ्याभोर केसांनी जाहिरातींची कामे मिळवून दिली, तेच उतरवायचे होते. वस्तरा फिरला तेव्हा त्यांना अश्रू आवरले नाहीत. चित्रीकरण महिनोन् महिने लांबले आणि तेवढा काळ मुंडण पुन्हा पुन्हा करावे लागले.

डिसेंबर १९७९ मध्ये चित्रपट प्रदर्शित झाला. त्याच्या संथपणावर टीका झाली, ती काही अंशी रास्तही होती. पण इलियाचे रूप घेतलेले यंत्र आणि त्यात मधूनच जागी होणारी माणसाची स्मृती, हा सूक्ष्म भाग पर्सिस यांनी केवळ डोळ्यांतून व्यक्त केला. चर्चा मुंडणाचीच अधिक झाली, हे त्यांचे दुर्दैव. १९८० च्या ऑस्कर सोहळ्यात पारितोषिक प्रदान करण्याचा मान त्यांना मिळाला. हा मान मिळालेल्या त्या पहिल्या भारतीय नागरिक मानल्या जातात.

त्याच वर्षी जर्मनीत झालेल्या मोटार अपघातात त्यांच्या डोक्याला गंभीर दुखापत झाली. ‘नाइटहॉक्स’मध्ये सिल्व्हेस्टर स्टॅलोनसमोर त्यांनी दहशतवादी स्त्री साकारली, त्यापाठोपाठ ‘मेगाफोर्स’ आला. परंतु इलियाच्या तोडीची भूमिका पुन्हा वाट्याला आली नाही. परदेशी दिसणाऱ्या अभिनेत्रीसाठी त्या काळी हॉलिवूडकडे ठरावीक साचेच होते. १९८३ मध्ये त्यांच्यावर हृदयशस्त्रक्रिया झाली, तेव्हा वय होते जेमतेम पस्तीस.

१९८५ च्या सुमारास त्या मुंबईला परतल्या. ‘शिंगोरा’ या हिंदी मालिकेत त्यांनी काम केले. पुढे भारतातील सौंदर्यसम्राज्ञींवर ‘प्राइड ऑफ इंडिया’ हा सचित्र ग्रंथ त्यांनी सिद्ध केला. १९९७ मध्ये प्रकाशित झालेला हा ग्रंथ त्यांनी मदर तेरेसा यांना अर्पण केला आणि मानधनाचा काही भाग त्यांच्या मिशनरीज ऑफ चॅरिटीला दिला.

पुढच्याच वर्षी, १८ ऑगस्ट १९९८ रोजी, मुंबईत हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. पन्नाशी पूर्ण व्हायला दीड महिना उरला होता.