सहा ठिपके आणि मोजणारं बोट : लुई ब्रेल



४ जानेवारी हा ब्रेल दिन. जन्म, अपघात, लिपीचा शोध, मृत्यू अशी चार वाक्यं सांगितली की आपला परिपाठ संपतो. मीही बरीच वर्षं तेवढंच सांगत आलो. पण ठिपके सहाच का, हे मुलांना सांगून बघा. लुईची खरी गोष्ट तिथेच आहे.

लुईचा जन्म १८०९ चा, पॅरिसजवळच्या कूव्रे नावाच्या खेड्यातला. वडील घोड्यांचं खोगीर-लगाम बनवायचे. तीन वर्षांचा असताना त्यांच्या कारखान्यात खेळताखेळता एक धारदार हत्यार त्याच्या डोळ्यात गेलं. जखम चिघळली, संसर्ग दुसऱ्या डोळ्यात पसरला आणि पाच वर्षांचा होईतो त्याला काहीच दिसेनासं झालं. तरी आईवडिलांनी त्याला घरी बसवलं नाही. गावच्या शाळेत तो इतर मुलांबरोबर बसून नुसतं ऐकून शिकला. १८१९ मध्ये, दहाव्या वर्षी, पॅरिसच्या अंध मुलांच्या शाळेत त्याला प्रवेश मिळाला.

ही शाळा व्हॅलेंटिन आवी यांनी सुरू केली होती. तिथली पुस्तकं कशी? ओल्या कागदावर मोठी रोमन अक्षरं दाबून उठवलेली. प्रत्येक अक्षराच्या कडेकडेने बोट फिरवायचं आणि आकार ओळखायचा. एक ओळ वाचायला किती वेळ लागत असेल, बघा! पुस्तकं जाडजूड आणि मोजकीच. शिवाय मुलांना असं वाचता आलं तरी स्वतःच्या हाताने लिहिता येत नव्हतं. म्हणजे वही नसलेली शाळाच म्हणा ना.

१८२१ मध्ये शार्ल बार्बिये नावाचे पूर्वी सैन्यात असलेले गृहस्थ आपली ठिपक्यांची पद्धत घेऊन शाळेत आले. ही पद्धत अक्षरांची नव्हती, क्रमांकांची होती. फ्रेंच भाषेतले ३६ ध्वनी त्यांनी सहा ओळी आणि सहा रकाने अशा कोष्टकात मांडले होते. डावीकडे ओळीच्या क्रमांकाइतके ठिपके, उजवीकडे रकान्याच्या क्रमांकाइतके. आपल्या वर्णमालेत बसवून बघू. क-वर्ग पहिली ओळ, च-वर्ग दुसरी, ट-वर्ग तिसरी, त-वर्ग चौथी. ‘द’ हा त-वर्गातला तिसरा. म्हणजे ‘द’ साठी डावीकडे उभे चार ठिपके आणि उजवीकडे तीन. एकूण सात!

कल्पना हुशारीची होती. ठिपका बोटाला रेषेपेक्षा चटकन कळतो आणि टोचून लिहिताही येतो. पण वाचताना बोटाला आधी चार मोजायचे, मग तीन मोजायचे, मग मनातल्या कोष्टकात चौथ्या ओळीत तिसरं घर शोधायचं. एका ध्वनीला बारापर्यंत ठिपके लागायचे आणि ते एका बोटाखाली मावायचे नाहीत. त्यात शुद्धलेखन नाही, विरामचिन्हं नाहीत, अंकही नाहीत.

लुईने इथे नेमकं बोट ठेवलं. वाचणाऱ्याने मोजायचंच नाही, आकृती ओळखायची. आपण फाशावरचे पाच टिंब कुठे मोजतो? बघताक्षणी कळतात. म्हणून उभे तीन, आडवे दोन, असे सहाच ठिपके, बोट न हलवता त्याच्या टोकाखाली मावतील असे. प्रत्येक ठिपका एकतर उठलेला किंवा सपाट, म्हणजे २ चा सहावा घात, ६४. कोरी जागा सोडली तर ६३ आकृत्या. (सातवी-आठवीला घातांक शिकवताना हे उदाहरण जरूर घ्या.) १८२४ मध्ये त्याची मांडणी बरीचशी तयार झाली. तेव्हा तो पंधरा वर्षांचा होता, आपल्या दहावीतल्या मुलाएवढा!

मांडणीही बघण्यासारखी आहे. पहिली दहा अक्षरं फक्त वरच्या चार ठिपक्यांत बसवली. पुढच्या दहांना तेच आकार, फक्त खाली डावीकडे एक ठिपका जास्त. अंकांसाठी वेगळे आकार केलेच नाहीत. आधी अंकाची खूण द्यायची, मग पहिली दहा अक्षरंच १ ते ९ आणि शून्य होतात. १९५१ साली ठरलेल्या भारती ब्रेलमध्येही हीच सोय आहे. मराठी ब्रेलमधल्या ‘द’ ला सातऐवजी तीनच ठिपके लागतात आणि त्याच ‘द’ च्या आधी अंकाची खूण आली की तो ४ होतो.

पुढे लुई त्याच शाळेत शिक्षक झाला. आता त्यांना अहो-जाहो करायला हवं! व्याकरण, इतिहास, अंकगणित, बीजगणित असं बरंच ते शिकवत. चर्चमध्ये ऑर्गन वाजवत. १८२९ मध्ये त्यांनी आपल्या पद्धतीचं पुस्तक काढलं, १८३७ मध्ये ते सुधारलं. १८३९ मध्ये आणखी एक पद्धत प्रसिद्ध केली, नेहमीची रोमन अक्षरं ठिपक्यांनी काढण्याची. कुठला ठिपका कुठे द्यायचा, हे त्यात आकड्यांनी ठरवलेलं होतं. अंध मुलाने लिहिलेलं पत्र घरच्या डोळस माणसांना वाचता यावं, यासाठी ही खटपट.

आता आपल्याला थोडं टोचेल असा भाग. १८४० मध्ये द्यूफो शाळेचे प्रमुख झाले आणि त्यांनी ब्रेल लिपीला मनाई केली. डोळस माणसांना न वाचता येणाऱ्या लिपीमुळे अंध मुलं समाजापासून तुटतील, असा आक्षेप तेव्हा घेतला जाई. हेतू वाईट नसेलही. पण शिक्षकाच्या डोळ्याला सोयीची लिपी की मुलाच्या बोटाला सोयीची, यात पारडं शिक्षकाकडे झुकलं. मुलं मात्र लपूनछपून ठिपकेच वापरत राहिली. शेवटी प्रमुखांचे सहायक ग्वादे यांनी त्यांचं मन वळवलं आणि १८४४ मध्ये शाळेच्या नव्या इमारतीच्या उद्घाटनाला ही लिपी सगळ्यांसमोर लिहून-वाचून दाखवण्यात आली.

क्षयाने मात्र ब्रेल यांना केव्हाच गाठलं होतं. ६ जानेवारी १८५२ ला, त्रेचाळिसावा वाढदिवस होऊन दोनच दिवस झाले असताना, ते गेले. त्यांच्या स्वतःच्या शाळेने ही लिपी अधिकृतपणे स्वीकारली ती १८५४ मध्ये.