२३६ शब्दांचं मांजर!

अमेरिकन मुलं वाचनात मागे का? १९५४ साली ‘लाइफ’ मासिकात लेखक जॉन हर्सी यांनी दोष दिला शाळेतल्या रटाळ पुस्तकांना. मग शालेय पुस्तकांच्या एका प्रकाशकाने थिओडोर गाइझेल (१९०४–१९९१) ऊर्फ डॉ. स्यूस यांच्या हाती सोप्या शब्दांची यादी दिली. यातूनच गोष्ट लिहायची! एकेकाळी कीटकनाशकाच्या जाहिराती काढणारे गाइझेल (खरे डॉक्टर नव्हते बरं का) महिनोन्महिने त्या यादीशी झगडले. १९५७ मध्ये आलं ‘द कॅट इन द हॅट’. घरभर धुडगूस घालणारं टोपीवालं मांजर, यमकांची धमाल आणि वेगवेगळे शब्द अवघे २३६. पुढे त्यांचे दुसरे प्रकाशक बेनेट सर्फ यांनी पैज लावली, ५० शब्दांत लिहून दाखवा. १९६० साली गाइझेल यांनी तीही जिंकली.