श्रीसंत सावतामहाराज : मळ्यातील पांडुरंग

आषाढीचा सोहळा आटोपून वारकरी घरी परततात न परततात तोच आषाढ वद्य चतुर्दशी येते. ही श्रीसंत सावतामहाराजांची पुण्यतिथी. आमच्या वसईच्या पट्ट्यात, आगाशी, निर्मळ, पापडी अशा बागायती गावांतून, या दिवसांत मी गेली चाळीस वर्षे महाराजांचे चरित्र सांगत आलो आहे. ऐकणारे निम्मे वाडीवाले. हातापायांची माती धुऊन तसेच कीर्तनाला येऊन बसणारे. त्यांना सावतोबा आपल्यातलेच वाटतात. आणि खरे सांगायचे तर त्यांच्यापुढे हे चरित्र लावताना मला अलीकडे थोडी धाकधूक वाटते. का ते पुढे येईलच. आधी चरित्र.

महाराजांचे घराणे मूळचे औसे गावचे. आजोबा दैवू माळी तेथून उठून अरणगावी आले आणि तिथेच स्थिरावले. अरण म्हणजे आजच्या सोलापूर जिल्ह्यात, माढे तालुक्यात. वडिलांचे नाव परसोबा, मातुःश्रींचे नांगिताबाई. घरी विठ्ठलभक्ती पिढीजात. अशा कुळात शके ११७२, म्हणजे इ. स. १२५० मध्ये, महाराजांचा जन्म झाला. नामदेवराय त्यांच्याहून वीस वर्षांनी आणि ज्ञानोबाराय पंचवीस वर्षांनी लहान, हे आपल्या ध्यानात राहत नाही. संतमेळ्यात सावतोबा वडीलधारे होते, बरं का.

पुढे भेंड गावच्या जनाईशी त्यांचा विवाह झाला. विठ्ठल आणि नागाताई अशी दोन अपत्ये झाली. एकदा सासुरवाडीची मंडळी घरी आली असता महाराज भजनातून उठलेच नाहीत, आणि जनाईंनी त्यांना चार शब्द चांगलेच सुनावले, अशी कथा परंपरेत सांगतात. महाराजांनी राग न धरता तिची समजूत घातली. संसार टाकून रानात गेलेला हा संत नव्हे. बायको, पोरे, बैल, विहीर आणि मळा एवढ्यातच त्याने सारे साधले.

आता त्यांचा मळा पाहू. माढ्याचा मुलूख कमी पावसाचा. तिथे मळा म्हणजे विहीर आणि विहीर म्हणजे मोट. पहाटे बैल जुंपायचे, मोट भरून वर आली की थारोळ्यात ओतायची, आणि तिथून पाटाने पाणी वाफ्यावाफ्याला फिरवायचे. बारे देणाऱ्या माणसाची नजर क्षणभर हलली तर एक वाफा फुटतो आणि दुसरा कोरडा राहतो. चार दिवस घर सोडले तर भाजी करपते. पंढरी अरणापासून फार लांब नाही, तरी महाराज पंढरीला गेले नाहीत, असे परंपरा सांगते. वारकरी संप्रदायातला एवढा मोठा संत आणि त्याला वारी नाही! नवशिक्या कीर्तनकाराला इथे अडखळायला होते. पण यात वारीचा अनादर नाही. ज्याच्या भरवशावर एवढी रोपे उभी आहेत त्याला ती तहानलेली टाकून देवाला भेटायला जाता येईना. कारण तहानलेला कोण, हे त्याला कळले होते.

महाराजांचे अभंग आज मोजके, सदतीसच मिळतात. काशिबा गुरव यांनी ते लिहून ठेवले म्हणून वाचले. त्यांतला एक अभंग महाराष्ट्रात पोरासोरांनाही पाठ आहे. मळ्यातल्या भाजीपाल्याची आणि मोटेच्या सरंजामाची नावे घेऊन महाराजांनी त्यात आपले दैवत दाखविले आहे. मी पाठशाळेत काव्यशास्त्र शिकलेला. हे रूपक आहे, असे मी वर्षानुवर्षे सांगत होतो. रूपक म्हणजे एका वस्तूवर दुसरीचा आरोप. मुख चंद्र आहे असे कवी म्हणतो, तेव्हा मुख ते मुख आणि चंद्र तो चंद्र, हे त्याला पक्के ठाऊक असते. एका वर्षी कीर्तन संपल्यावर पापडीकडच्या एका म्हाताऱ्या माळीणबाईने मला गाठले. जन्मभर पानवेली आणि केळी शिंपलेली बाई. तिने एवढेच विचारले की बुवा, तुम्ही म्हणता तसा नुसता आरोपच असेल, तर महाराज रात्री उठून पाणी कोणाला घालीत होते? मला उत्तर सुचेना. घरी जाऊन पोथ्या चाळल्या तेव्हा कळले की चूक माझी होती. महाराजांना भाजीत विठ्ठलाची आठवण होत नव्हती, भाजीच विठ्ठल होती. तिथे आरोप नाही, अभेद आहे.

आणि हे त्यांनी एकट्यानेच सांगितले असेही नाही. मनूने पहिल्याच अध्यायात वृक्षवेलींना आतली जाणीव सांगितली आहे, त्यांना सुखदुःख आहे असे म्हटले आहे. महाभारताच्या शांतिपर्वात भृगु आणि भरद्वाज यांचा संवाद आहे. वृक्षांना जीव आहे काय, या शंकेवर भृगूंनी झाड ऐकते कसे, पाहते कसे, पाणी पिते कसे, याची एकेक करून उपपत्ती लावली आहे. आम्ही पंडितांनी ते पाठ केले, परीक्षेत लिहिले आणि विसरलो. अरणच्या माळ्याने ते पोथी न उघडता आचरणात आणले.

या अभंगाविषयी आणखी एक गंमत आहे. त्यात मिरचीचे नाव येते. आता मिरची मूळची अमेरिकेची. पोर्तुगीज इ. स. १४९८ मध्ये हिंदुस्थानात आले, त्यानंतर त्यांच्यामार्फत ती आपल्याकडे पोचली. महाराजांना समाधिस्थ होऊन तेव्हा दोनशे वर्षे लोटली होती. एका शिक्षक श्रोत्याने हे काढले तेव्हा काही मंडळी रागावली. मला मात्र त्यात आनंद वाटतो. गाणाऱ्या कोणा माळ्याने आपल्या वाफ्यात नवे आलेले रोप महाराजांच्या पदरात घातले असावे. परदेशातून आलेले रोपही विठ्ठलच! वसईकरांनी, जिथे पोर्तुगीजांचा अंमल १५३४ पासून १७३९ पर्यंत होता, यातून आपल्यापुरता अर्थ घ्यावा. आमच्या बांधाला बांध लावून ख्रिस्ती वाडीवाले आहेत. त्यांच्याकडे फ्रान्सिस ऑफ असिसी नावाचे संत झाले, त्यांनी पाखरांना आणि सूर्यचंद्रांना भाऊबहीण मानले. त्यांचा देह इ. स. १२२६ मध्ये ठेवला गेला, म्हणजे आपल्या महाराजांच्या जन्माआधी चोवीस वर्षे. नॉर्वे देशाचे तत्त्वज्ञ आर्ने नेस यांनी १९७३ मध्ये मांडले की इतर जीवांचे मोल माणसाच्या उपयोगावरून ठरत नाही, ते त्यांचे स्वतःचे आहे. विद्वानांना ही गोष्ट नवी वाटली. अरणला ती सातशे वर्षांची जुनी आहे.

इथे एक शंका कोणीही घेईल. रोप जर देव, तर महाराज तण खुरपीत कसे? कांदा उपटीत कसे? भाजी बाजारात देऊन पोट कसे भरीत? शंका खरी आहे, ती टाळू नये. माणसाला घेतल्यावाचून जगता येत नाही. पण घेण्याच्या दोन तऱ्हा आहेत. एक माळ्याची. तो आज खुडतो, बी राखतो आणि उद्या पुन्हा पाणी घालतो. घेणारा हात आणि शिंपणारा हात एकच असतो. दुसरी तऱ्हा अशी की घ्यायचे, आणि पुन्हा तिथे काही उगवू नये अशी जमिनीची अवस्था करून निघून जायचे. पहिलीला नैवेद्य म्हणतात. दुसरीला काय म्हणावे ते वाचकांनी ठरवावे.

महिपतीबोवा ताहराबादकरांनी शके १६८४ मध्ये, म्हणजे इ. स. १७६२ मध्ये, भक्तविजय पूर्ण केला. त्यात आलेली कथा सर्वश्रुत आहे. पांडुरंग नामदेवरायांना बरोबर घेऊन वाटेने चालले होते. अरणजवळ येताच देवाने नामदेवांना मागे ठेवले आणि एकटेच धावत महाराजांच्या मळ्यात शिरले. चोर पाठीस लागले आहेत, मला लपव, अशी विनवणी केली. महाराजांनी इकडेतिकडे पाहिले नाही. हातातल्या खुरप्याने स्वतःचे पोट चिरले, देवाला आत ठेवले आणि वरून घोंगडी बांधली. नामदेवराय शोधीत आले, कासावीस झाले, शेवटी पीतांबराचा पदर दिसला आणि देव प्रकट झाले. पुढे ते लऊळला, हातपाय नसलेल्या कूर्मदासांच्या भेटीला गेले. ही कथा भक्तीच्या अंगाने आपण नेहमी ऐकतो. मला त्यातले खुरपे सोडवत नाही. ज्या खुरप्याने जन्मभर जमिनीकडून घेतले, तेच वेळ येताच महाराजांनी स्वतःवर चालविले. भूमीकडून घेणाऱ्याने परत देण्याचीही तयारी ठेवावी, एवढे तरी त्यातून घ्यावे.

शके १२१७, आषाढ वद्य चतुर्दशी, म्हणजे इ. स. १२९५. पंचेचाळिसाव्या वर्षी महाराजांनी अरणलाच देह ठेवला. त्यांची समाधी मळ्यातच आहे. पुढच्याच वर्षी ज्ञानोबारायांनी आळंदीला समाधी घेतली.

आता ती धाकधूक. काही वर्षांपूर्वी कीर्तनानंतर एक वाडीवाले गृहस्थ मला भेटले. मुले वाडी विकायची म्हणत होती, आणि त्याआधी वाडीतले बावखल बुजवायचे होते. बाहेरच्या वाचकांसाठी सांगतो, बावखल म्हणजे आमच्याकडचे गोड्या पाण्याचे खोदीव तळे. पावसाचे पाणी त्यात साठते आणि जमिनीत मुरते. त्याने भोवतालच्या विहिरी गोड राहतात आणि समुद्राचा खार आत सरकत नाही. पूर्वजांनी रहाट लावून त्यावर राजेळी केळी आणि पानवेली पिकविल्या. गृहस्थांनी विचारले की पैशातला काही भाग विठ्ठलमंदिराला दिला तर दोष राहील काय? मी, सावतामहाराजांचे चरित्र नुकतेच सांगून उठलेला माणूस, देवाचा वाटा दिलात म्हणजे झाले, असे म्हणून मोकळा झालो. बावखल बुजले. देणगी आली, पाटीवर नाव लागले.

जुलै २०१८ मध्ये वसई अनेक दिवस पाण्याखाली होती. ज्या आळीत ते बावखल होते तिथे घराघरांत पाणी शिरले. त्या एका तळ्याने एवढा पूर अडला असता, असे मी म्हणत नाही. पण पाण्याला जी जागा होती ती आपण घेतली, आणि त्यावर मी देवाचे नाव घातले, हे खरे. विठ्ठल त्या पाण्यात होता. त्याला बुजवून त्याच्याच मंदिराला वर्गणी द्यायची, असला व्यवहार मी शास्त्राच्या आधाराने पवित्र ठरविला. माळीणबाईचे म्हणणे तेव्हा आठवायला हवे होते.

वसईत याची जाण ठेवणारे लोक झाले आहेत. १९८०च्या दशकाच्या अखेरीस फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या पुढाकाराने हरित वसईची चळवळ उभी राहिली. अलीकडे काही गावांतले तरुण गाळाने भरलेली बावखले स्वतः उतरून साफ करू लागले आहेत. त्यांना हे पर्यावरणाचे काम वाटते. वारकऱ्याने त्याला पूजा म्हणावे, आणि गाळ काढायला हात लावावा.

दरवर्षी पांडुरंगाची पालखी अरणला जाते. भक्त देवाच्या गावी गेला नाही, म्हणून देव भक्ताच्या मळ्यात येतो. येताना तो मळा जागेवर असावा लागतो, हे आपण ध्यानात धरावे. मी या वर्षी चतुर्दशीचे कीर्तन देवळात लावणार नाही. निर्मळजवळ एक बावखल अजून शाबूत आहे, त्याच्या काठावर लावणार आहे. ते गृहस्थ हयात आहेत. त्यांनाही बोलावले आहे, आणि सर्वांसमोर माझी चूक आधी सांगून मगच चरित्र सुरू करणार आहे.

रामकृष्णहरी.