गंभीर चेहऱ्याचा कर्नल

बँकेतल्या नोकरीमुळे गंभीर चेहऱ्याच्या माणसांची मला पारख आहे, असा माझा समज होता. एका सुट्टीत भाच्यानं ‘मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस’ ही बीबीसीची जुनी मालिका दाखवली आणि त्यातला उंच, पाइप ओढणारा ग्रॅहॅम चॅपमन पाहून तो समज गेला. हा गृहस्थ आमचा रीजनल मॅनेजर शोभला असता!

५ ऑक्टोबर १९६९ला सुरू झालेल्या या मालिकेत सरकारी खाती, लष्कर, न्यायालय, कुणालाच सोडलेलं नाही. प्रहसन रंगात आलं की मध्येच गाणं सुरू होतं. एका उपाहारगृहात व्हायकिंग दर्यावर्दी डबाबंद मांसाची स्तोत्रं गातात आणि तेच मांस नको म्हणणारी बाई झालेला असतो चॅपमन. कधी तो कर्नल होऊन येतो आणि फार चावटपणा चाललाय म्हणून चालू प्रवेशच बंद पाडतो. हसत मात्र कधीच नाही.

लेस्टरच्या एका पोलिसाचा हा मुलगा, जन्म १९४१चा. केंब्रिज आणि लंडनच्या सेंट बार्थोलोम्यू इस्पितळात शिकून डॉक्टर झाला. दवाखाना काही थाटला नाही. जॉन क्लीजबरोबर लिहायला बसला की बराच वेळ गप्प असायचा. पण दुकानात सदोष माल परत करायला आलेल्या गिऱ्हाइकाच्या त्या प्रसिद्ध प्रवेशात तो माल म्हणजे पोपट असावा, हे सुचलं त्यालाच.

गंभीर मुखवट्याआड दारू होती. १९७४ साली स्कॉटलंडमध्ये ‘होली ग्रेल’चं चित्रीकरण चालू असताना राजा आर्थर झालेल्या या माणसाचे हात थरथरत, संवाद आठवत नसत. आपण समलिंगी आहोत हे उघड सांगण्याचं धैर्य त्यानं त्या काळात दाखवलं. दारूपुढे मात्र वर्षानुवर्षं हरला. १९७७च्या अखेरीस ती सोडली, कायमची. पुढच्या वर्षी ट्युनिशियात ‘लाइफ ऑफ ब्रायन’ची मुख्य भूमिका शुद्धीत केली, वर आजारी सहकाऱ्यांना औषधंही दिली. वाया गेलेलं शिक्षण म्हणणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं. त्या चित्रपटाच्या शेवटी क्रुसावर टांगलेली माणसं आनंदानं गाणं म्हणतात.

४ ऑक्टोबर १९८९ला, मालिकेला वीस वर्षं पूर्ण व्हायच्या आदल्या दिवशी, कर्करोगानं तो गेला. वय अठ्ठेचाळीस. डिसेंबरमध्ये सेंट बार्थोलोम्यूच्याच सभागृहात शोकसभा भरली. मित्रांनी त्याच्यावर थट्टेची भाषणं केली आणि मग सगळ्यांनी मिळून ते क्रुसावरचं गाणं म्हटलं.