विसरण्याला मोजपट्टी लावणारा शास्त्रज्ञ

गेल्या वर्षभरात घरात कोणाला ताप आला होता का? आरोग्य सर्वेक्षणात असा प्रश्न विचारला, तर प्रामाणिक माणसाचेही उत्तर चुकू शकते. किरकोळ आजार लवकर विसरले जातात. जे सांगितले जात नाही ते मोजले जात नाही आणि औषधे, खाटा, डॉक्टर यांचे नियोजन तोकडे पडते. हे विसरणे मोजून दाखवणारा पहिला शास्त्रज्ञ म्हणजे हेरमान एबिंगहाउस.

त्यांचा जन्म २४ जानेवारी १८५० रोजी जर्मनीतील बार्मेन येथे व्यापारी कुटुंबात झाला. १८७० च्या फ्रान्सविरुद्धच्या युद्धात ते सैन्यात होते. १८७३ मध्ये त्यांनी बॉन विद्यापीठातून तत्त्वज्ञानात डॉक्टरेट मिळवली. स्मृती प्रयोगाने मोजता येणार नाही, असा तेव्हा समज होता. संवेदनांच्या मापनावरील फेखनर यांचा ग्रंथ वाचून एबिंगहाउस यांनी हे आव्हान स्वीकारले.

प्रयोगासाठी माणूस एकच, ते स्वतः! अर्थाची मदत होऊ नये म्हणून त्यांनी सुमारे २,३०० निरर्थक अक्षरगट तयार केले. त्यांच्या याद्या ते पाठ करत, ठरावीक काळाने पुन्हा पाठ करत आणि दुसऱ्या वेळी किती वेळ वाचला ते मोजत. २० मिनिटांनंतर ५८ टक्के वेळ वाचला, एका दिवसानंतर ३४ टक्के, तर ३१ दिवसांनंतर २१ टक्के. म्हणजे विसरणे आधी झपाट्याने होते, मग मंदावते. अर्थपूर्ण कविता मात्र सुमारे एक दशांश कष्टात पाठ होत असे. १८८५ मध्ये त्यांनी हे संशोधन पुस्तकरूपाने मांडले.

पुढे ब्रेस्लाऊ येथे प्राध्यापक असताना त्यांनी शाळकरी मुलांची बौद्धिक क्षमता तपासण्यासाठी रिकाम्या जागा भरण्याची चाचणी तयार केली. २६ फेब्रुवारी १९०९ रोजी हाले येथे न्यूमोनियाने त्यांचे निधन झाले. तेव्हा ते ५९ वर्षांचे होते.

१९८३ मध्ये अमेरिकेत स्मृतीचे अभ्यासक आणि सर्वेक्षणतज्ज्ञ एकत्र आले. त्यानंतर प्रश्नावली वापरण्याआधी काही जणांना मनातले विचार मोठ्याने बोलत उत्तरे द्यायला सांगून प्रश्न तपासण्याची पद्धत रुजली. भारताच्या राष्ट्रीय नमुना सर्वेक्षणातही साध्या आजारांसाठी मागील १५ दिवस, तर रुग्णालयात दाखल होण्यासाठी मागील ३६५ दिवस विचारात घेतले जातात. ठळक घटना अधिक काळ लक्षात राहते, हे त्यामागचे साधे तत्त्व.

म्हणून सर्वेक्षक दारात आला, तर घाईने उत्तर देऊ नये. औषधांच्या चिठ्ठ्या पाहाव्यात, आजार दिवाळीच्या आधीचा की नंतरचा हे आठवावे. विसरणे हा दोष नाही. पण त्यावर उपाय आहे.