देहाचा तोल शोधणारा गणिती

एक लांब फळी, तिच्याखाली धारदार कडेचा आडवा टेकू आणि फळीवर उताणा निजलेला एक विवस्त्र पुरुष. फळी माणसासकट पुढेमागे सरकवायची आणि ती कोणत्याही बाजूस न कलता जेथे स्थिरावेल, ती जागा टिपून घ्यायची. मानवी देहाचा गुरुत्वमध्य शोधण्यासाठी सतराव्या शतकातील इटालियन गणिती जिओव्हानी अल्फोन्सो बोरेली याने केलेला हा प्रयोग एखाद्या शाळकरी मुलालाही करून पाहता येईल. तो बिंदू कमरेखाली, नितंब आणि जांघेचे हाड यांच्या दरम्यान येतो, असे त्याला आढळले.

बोरेलीचा जन्म जानेवारी १६०८ मध्ये नेपल्स येथे झाला. वडील स्पॅनिश सैन्यातील शिपाई. त्यांचे आडनाव न लावता मुलाने आईकडचे नाव थोडे बदलून धारण केले. रोममध्ये त्याला बेनेदेत्तो कास्तेली हे गुरू लाभले. कास्तेली गॅलिलिओचे शिष्य असल्याने, निसर्गाला गणिताची भाषा लावण्याची दृष्टी बोरेलीकडे थेट त्या घराण्यातून आली. पुढे सिसिलीतील मेसिना येथे तो गणित शिकवू लागला. तेथे तापाची साथ आली, तेव्हा या गणितज्ञाने तिच्या कारणांवरही पुस्तक लिहिले. ते १६४९ साली प्रसिद्ध झाले.

१६५६ मध्ये तो पिसा विद्यापीठात आला आणि त्याच्या आयुष्यातील सर्वाधिक फलदायी दशक सुरू झाले. शरीररचनेचा अभ्यासक मार्चेल्लो माल्पिघी याच काळात पिसात होता. त्याच्या सहवासात बोरेलीचे लक्ष प्राण्यांच्या देहाकडे वळले. गुरूच्या उपग्रहांवरील त्याचा ग्रंथ १६६६ चा. ग्रहगतीमागील बलांचा विचार करताना पुढे न्यूटननेही त्याची दखल घेतली. मेदिची घराण्याच्या आश्रयाने चाललेल्या प्रयोगशील विद्वानांच्या अकादमीतही बोरेली अग्रणी होता. मात्र स्वभाव तापट, सहकाऱ्यांशी खटके नित्याचे. त्यातच अकादमीचे प्रयोग १६६७ मध्ये छापले गेले ते कोणाचेही वैयक्तिक श्रेय न देता. त्याच वर्षी तो मेसिनाला परतला.

इतकी वर्षे त्याच्या मनात एकच मोठे काम घोळत होते. हाडे म्हणजे तरफा, सांधे म्हणजे टेकू आणि स्नायू म्हणजे बल, असे मानून चालणे, धावणे, पोहणे, उडणे या साऱ्यांचा हिशेब मांडायचा. स्नायू अल्प बलाने मोठे वजन उचलतात, अशी जुनी समजूत होती. बोरेलीने ती उलटी फिरवली. स्नायू सांध्याच्या अगदी जवळ जोडलेला असल्याने त्याला उचललेल्या वजनाच्या कित्येक पट बल लावावे लागते, हे त्याने दाखवले. माणसाच्या छातीचे स्नायू पक्ष्याच्या तुलनेत दुबळे असल्याने तो स्वबळावर उडू शकणार नाही, हा निष्कर्षही त्याचाच. (स्नायू का आकुंचन पावतो याचे त्याचे उत्तर, म्हणजे आत द्रव उसळून तो फुगतो, हे मात्र साफ चुकले.)

गुरुत्वमध्याचा प्रयोग याच हिशेबाचा भाग होता. त्या बिंदूतून खाली सोडलेली उभी रेषा दोन्ही पावलांनी वेढलेल्या जागेत पडते तोवर माणूस उभा राहतो. ती बाहेर गेली की पाऊल टाकावे लागते, नाहीतर पडणे आले. पाठीवर ओझे घेतलेला हमाल पुढे झुकतो तो याचसाठी. बोरेलीच्या पद्धतीत फळीचे वजनही मोजमापात मिसळत असे. जर्मनीतील वेबर बंधूंनी १८३६ मध्ये फळी आधीच तोलून धरून केवळ शरीर सरकवले आणि हा दोष काढला. आज फळीचे एक टोक वजनकाट्यावर ठेवतात. समजा, टेकूंमधील अंतर २ मीटर, माणसाचे वजन ६० किलो आणि फळीचा भार वजा करून डोक्याकडचा काटा २७ किलो दाखवतो. मग २७ गुणिले २ भागिले ६०, म्हणजे तळव्यांच्या बाजूच्या टेकूपासून ०.९ मीटर. तळवे नेमके त्या टेकूवर असतील, तर १६० सेंटिमीटर उंचीच्या व्यक्तीत हे उंचीच्या सुमारे ५६ टक्के होतात.

हे सारे लिहून होत असताना बोरेलीच्या स्वतःच्या पायाखालची जमीन सरकत होती. स्पॅनिश सत्तेविरुद्धच्या कारस्थानात सहभागी असल्याच्या संशयावरून त्याला मेसिना सोडावे लागले. तो रोमला आला आणि सिंहासन सोडून तेथे राहिलेल्या स्वीडनच्या राणी ख्रिस्तिनाच्या विद्वत्वर्तुळात वावरू लागला. १६७७ मध्ये नोकरानेच त्याची सारी चीजवस्तू लुटली. निष्कांचन अवस्थेत त्याने सान पांतालेओ येथील धर्मगुरूंच्या निवासात आसरा घेतला आणि अखेरची दोन वर्षे तेथेच गणित शिकवले. ग्रंथाच्या छपाईचा खर्च उचलण्यास राणीने १६७९ च्या अखेरीस संमती दिली. त्याच वर्षीच्या ३१ डिसेंबरला, ७१ व्या वर्षी, बोरेलीचे निधन झाले. ‘दे मोतू अ‍ॅनिमालियम’ या त्याच्या ग्रंथाचा पहिला भाग १६८० मध्ये आणि दुसरा १६८१ मध्ये छापून बाहेर पडला. अमेरिकेतील जैवयांत्रिकी संस्थेचा सर्वोच्च पुरस्कार बोरेलीच्या नावाने दिला जातो.