विश्लेषण : दिल्लीची तार आली नाही, तर मत कसे द्यायचे? संयुक्त राष्ट्रांतील राजदूत बी. एन. राव यांची कसोटी काय होती?

जून १९५०च्या अखेरीस कोरियात युद्ध पेटले, तेव्हा संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेचे अध्यक्षपद भारताचे प्रतिनिधी सर बेनेगल नरसिंग राव यांच्याकडे होते. दोन दिवसांच्या अंतराने परिषदेपुढे दोन ठराव आले. पहिल्याच्या बाजूने राव यांनी मत दिले, दुसऱ्याच्या मतदानात भागच घेतला नाही. आंतरराष्ट्रीय संघटनेत देशाच्या राजदूताला स्वतःहून काय करता येते आणि त्याला कुठे थांबावे लागते, हे या दोन दिवसांतून समजते.

बी. एन. राव कोण होते?

राव यांचा जन्म २६ फेब्रुवारी १८८७ रोजी मंगळुरूमध्ये झाला. मद्रासचे प्रेसिडेन्सी कॉलेज आणि केंब्रिजचे ट्रिनिटी कॉलेज येथे शिकून ते ‘आयसीएस’मध्ये दाखल झाले. बंगाल आणि आसामात नोकरी, कलकत्ता उच्च न्यायालयाचे न्यायाधीशपद, १९४४-४५ मध्ये जम्मू-काश्मीर संस्थानचे पंतप्रधानपद असा त्यांचा प्रवास झाला. १९४६ मध्ये ते संविधान सभेचे घटनात्मक सल्लागार झाले. ऑक्टोबर १९४७ मध्ये त्यांनी २४३ अनुच्छेदांचा आणि १३ परिशिष्टांचा कच्चा मसुदा तयार केला. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या अध्यक्षतेखालील मसुदा समितीने तो पायाभूत धरून पुढचे काम केले. नोव्हेंबर १९४९ मधील अखेरच्या भाषणात डॉ. आंबेडकरांनी राव यांचे श्रेय मोकळेपणाने मान्य केले. राव यांचे बंधू सर बेनेगल रामा राव १९४९ ते १९५७ या काळात रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर होते.

‘यूएन’मधील राजदूत वेगळा कसा?

एखाद्या देशात नेमलेला राजदूत तेथील राष्ट्रप्रमुखाला अधिकारपत्रे सादर करतो आणि मुख्यतः त्याच एका सरकारशी व्यवहार करतो. संयुक्त राष्ट्रांतील राजदूताला ‘स्थायी प्रतिनिधी’ म्हणतात. तो अधिकारपत्रे सरचिटणीसांना देतो आणि त्याला एकाच वेळी सर्व सदस्य देशांशी बोलावे लागते. ठरावांचे मसुदे, शब्दांवरची घासाघीस, मतांची जुळवाजुळव हे त्याचे रोजचे काम. मत मात्र त्याच्या सरकारचे असते. आपल्या राजधानीकडून सूचना आल्याशिवाय महत्त्वाच्या ठरावावर हात वर करायचा नाही, हा या पदाचा पहिला नियम मानला जातो.

सुरक्षा परिषदेचे अध्यक्षपद देशांच्या इंग्रजी नावांच्या वर्णक्रमाने दर महिन्याला फिरते. भारत १९५०-५१ साठी परिषदेचा अस्थायी सदस्य होता आणि जून १९५० ही त्याची पाळी होती.

त्या दोन दिवसांत काय घडले?

२५ जूनला, रविवारी, उत्तर कोरियाने दक्षिणेवर हल्ला केल्याच्या बातमीनंतर काही तासांतच परिषदेची तातडीची बैठक भरली. न्यूयॉर्कचे मुख्यालय अजून बांधून व्हायचे होते. बैठका जवळच्या लेक सक्सेस येथे एका कारखान्याच्या इमारतीत होत. लढाई थांबवावी आणि उत्तर कोरियाने ३८ अक्षांशापर्यंत मागे जावे, असा ठराव नऊ मतांनी संमत झाला. युगोस्लाव्हिया तटस्थ राहिला. भारताचे मत बाजूने पडले.

दुसरा ठराव २७ जूनला आला. तो दक्षिण कोरियाला हल्ला परतवण्यासाठी मदत द्यावी, अशी शिफारस करणारा, म्हणजे प्रत्यक्ष लष्करी कारवाईचा रस्ता उघडणारा होता. भारत आणि इजिप्तच्या प्रतिनिधींकडे त्यांच्या सरकारांच्या सूचना पोहोचल्या नव्हत्या. बैठक काही तास थांबवण्यात आली. रात्री मतदान झाले, तोवरही सूचना आल्या नव्हत्या. राव अध्यक्षस्थानी असूनही त्यांनी मत नोंदवले नाही, इजिप्तनेही नाही. युगोस्लाव्हियाने विरोध केला. ११ सदस्यांच्या परिषदेत सात मते लागत आणि ठरावाला नेमकी सातच मिळाली. चीनच्या जागेच्या वादावरून सोव्हिएत संघ जानेवारीपासून बहिष्कारावर होता, म्हणून नकाराधिकार वापरला गेला नाही. भारत सरकारने २९ जूनला हा ठराव मान्य केला.

ही माघार होती का?

पहिला ठराव लढाई थांबवण्याचा होता, दुसरा युद्धात उतरण्याचा. कायदेपंडित असलेल्या राव यांना हा फरक नेमका कळत होता. देशाला युद्धाच्या बाजूला उभे करण्याचा निर्णय राजदूताचा नसतो, तो सरकारचा असतो. ७ जुलैला अमेरिकेच्या नेतृत्वाखाली संयुक्त लष्करी कमान उभारण्याच्या ठरावावर भारत तटस्थ राहिला. सैन्याऐवजी भारताने ‘६० पॅरा फील्ड अॅम्ब्युलन्स’ हे वैद्यकीय पथक पाठवले. दोन्ही गटांशी बोलू शकणारा देश ही भारताची जागा त्यामुळे टिकून राहिली.

मध्यस्थीचे पुढे काय झाले?

चिनी फौजा युद्धात उतरल्यावर डिसेंबर १९५० मध्ये आमसभेने युद्धविरामाचा मार्ग शोधण्यासाठी तिघांचा गट नेमला. त्यात इराणचे नसरुल्ला इंतेजाम, कॅनडाचे लेस्टर पिअर्सन आणि राव होते. गटाने जानेवारी १९५१ मध्ये मांडलेली तत्त्वे चीनने नाकारली. १ फेब्रुवारीला चीनला आक्रमक ठरवणारा ठराव आमसभेत ४४ विरुद्ध ७ मतांनी संमत झाला, नऊ देश तटस्थ राहिले. भारताने विरोधात मत दिले. वाटाघाटीचे दार त्यामुळे बंद होईल, अशी भारताची भूमिका होती. मध्यस्थी फसली आणि युद्ध आणखी अडीच वर्षे चालले.

अखेरची वर्षे कशी गेली?

डिसेंबर १९५१ मध्ये राव हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयावर निवडून आले आणि पुढच्या वर्षी न्यायाधीश झाले. तिथे त्यांना कोणत्याही सरकारच्या तारेची वाट पाहायची नव्हती. कोरियातील शस्त्रसंधी २७ जुलै १९५३ रोजी झाली. युद्धकैद्यांचा प्रश्न सोडवण्यासाठी नेमलेल्या तटस्थ आयोगाचे अध्यक्षपद भारताकडे आले आणि जनरल के. एस. थिमय्या यांनी ते सांभाळले. हे काम सुरू असतानाच, ३० नोव्हेंबर १९५३ रोजी राव यांचे झुरिच येथे निधन झाले.